जुन्या गाडीचे फॉल्ट कोड घरी वाचणे : किनारपट्टीवरच्या गाड्यांसाठी धागा

खाजण

चेक इंजिनचा दिवा लागला की रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या गाडीमालकापुढे साधारण दोन वाटा असतात. एक तर तिठ्यावरच्या मेकॅनिककडे जायचे, ज्याचा हात इंजिनावर उत्तम चालतो परंतु ज्याच्याकडे स्कॅनर असेलच असे नाही. किंवा घाट चढून कोल्हापूर गाठायचे. त्याआधी एक काम मालकाला स्वतः करता येते, ते म्हणजे गाडीच्या ईसीएमने, म्हणजे इंजिनच्या संगणकाने, कोणती तक्रार नोंदवून ठेवली आहे ते वाचून घेणे. त्यासाठी लागणारे सामान फार थोडे आहे. वाचलेल्या कोडचा अर्थ लावताना मात्र, विशेषतः समुद्रकाठी उभ्या राहणाऱ्या गाडीच्या बाबतीत, बरेच पैसे वाया जाताना दिसतात, म्हणून हा धागा काढत आहे.

पहिली गोष्ट म्हणजे गाडी कोणत्या काळातली आहे ते ठरवावे. कार्ब्युरेटरच्या मारुती ८०० मध्ये किंवा यांत्रिक पंपाच्या जुन्या डिझेल जीपमध्ये इंजिनचा संगणक नसतो, त्यामुळे वाचण्यासारखे काही नसते. एमपीएफआय (इंजेक्टरने पेट्रोल सोडणाऱ्या) गाड्यांबरोबर ईसीएम आले, पण ते कोणत्या भाषेत बोलणार हे सुरुवातीला ज्याचा तो उत्पादक ठरवीत असे. ओबीडी-२ ही गाडीने आपले दोष ओळखून सांगण्याची सामाईक पद्धत अमेरिकेत १९९६ पासून आणि युरोपातल्या पेट्रोल गाड्यांना २००१ पासून सक्तीची झाली. आपल्याकडे बीएस-४ (भारत स्टेज या प्रदूषण मानकांची चौथी पायरी) गाड्यांना ओबीडीचा पहिला टप्पा एप्रिल २०१० पासून आणि दुसरा एप्रिल २०१३ पासून लागू झाला. यात एक मेख आहे. २०१० मध्ये बीएस-४ लागू झाले ते मुंबई, पुणे, सोलापूर यांसह मोजक्या तेरा शहरांपुरते; उरलेल्या देशात बीएस-३ चालू राहिले, आणि बीएस-४ सर्वत्र सक्तीचे झाले ते एप्रिल २०१७ मध्ये. त्यामुळे २०१२ साली कुडाळात घेतलेली गाडी आणि त्याच वर्षी मुंबईत घेऊन नंतर गावी आणलेली त्याच मॉडेलची गाडी यांच्या ईसीएममध्ये फरक असू शकतो.

सामाईक पद्धतीच्या गाडीत ड्रायव्हरच्या गुडघ्यांच्या वर, डॅशबोर्डखाली, सोळा पिनांचे समलंब आकाराचे सॉकेट असते. त्यात ईएलएम ३२७ जातीचा छोटा ब्लूटूथ ॲडाप्टर लावावा, चावी ऑन करावी आणि मोबाइलवर टॉर्क किंवा कार स्कॅनर यांसारखे ॲप उघडावे. ॲडाप्टर जोडताना पिन विचारला तर तो बहुधा १२३४ किंवा ०००० असतो. आयफोन असल्यास जुन्या पद्धतीचा ब्लूटूथ ॲडाप्टर चालत नाही, वायफाय किंवा बीएलई प्रकारचा घ्यावा लागतो.

त्याआधीच्या गाड्यांत कोड दिव्याच्या उघडझापीतून वाचावा लागतो. १९९८ मध्ये आलेल्या पहिल्या होंडा सिटीच्या पिढीतल्या होंडा गाड्यांत डॅशबोर्डच्या बाजूला दोन पिनांचा सर्व्हिस चेक कपलर (वायरी जोडण्याचा प्लास्टिकचा तुकडा) लोंबत असतो. त्याच्या दोन्ही पिना वायरच्या तुकड्याने जोडून चावी ऑन केली, पण सेल्फ मारला नाही, की चेक इंजिनचा दिवा कोड सांगू लागतो. लांब उघडझाप म्हणजे दहा आणि आखूड म्हणजे एक. एक लांब आणि चार आखूड म्हणजे १४, नुसत्या सहा आखूड म्हणजे ६. जुन्या सुझुकी पद्धतीत सर्व झापा सारख्याच लांबीच्या असतात, आधी दहाचा अंक, मग थोडी उसंत, मग एकचा अंक. तेथे १२ म्हणजे ‘नोंद घेण्यासारखा दोष नाही’. हा १२ दिसणे उपयोगाचे असते, कारण निदान आपण योग्य टर्मिनल बॉडीला जोडले (अर्थ केले) आहे आणि ईसीएम जागे आहे एवढे त्यातून कळते. एका कंपनीचा तक्ता दुसऱ्या कंपनीच्या गाडीला कधीही लावू नये: कूलंटच्या तापमानाच्या सेन्सरचे सर्किट तुटल्याची तक्रार होंडात ६, सुझुकीत १४ आणि ओबीडी-२ मध्ये पी ०११८ अशी दिसते.

आता ज्यासाठी हा प्रपंच, त्याकडे येतो. वरचे तिन्ही कोड ‘सेन्सर खराब आहे’ असे म्हणत नाहीत. ईसीएमला सेन्सर दिसत नाही. त्याला फक्त एका वायरवरचा विजेचा दाब (व्होल्टेज) दिसतो. तो अपेक्षेपेक्षा जास्त राहिला, एवढीच त्याची तक्रार असते. सेन्सर मेला तरी दाब वाढतो, कपलरमधली पिन कुजली तरी वाढतो, उंदराने वायर कुरतडली तरी वाढतो. घाटापलीकडच्या कोरड्या गावात पहिली शक्यता मोठी असेल. आपल्याकडे पावसाळ्यातली चार महिन्यांची ओल आणि वर्षभराचा खारा वारा यांमुळे दुसरी शक्यता आधी तपासावी असे माझे ठाम मत आहे. कपलर सोडवून आतल्या पितळी पिनांवर हिरवा कळंक चढला आहे का ते टॉर्च लावून पाहणे, हे सेन्सर मागवण्याच्या आधीचे काम आहे.

अबोली

माहिती मुद्देसूद आहे, धन्यवाद. आमची छोटी पेट्रोल गाडी २००५ ची आहे आणि ती मालवणात समुद्रापासून हाकेच्या अंतरावर उभी असते. डॅशबोर्डखाली सोळा पिनांचे सॉकेट आहे. स्वस्तातला ॲडाप्टर मागवला, त्याचा लाल दिवा लागतो, मोबाइलशी जोडणीही होते, पण ॲप ‘ईसीयूशी (म्हणजे ईसीएमशीच) संपर्क होत नाही’ असे सांगून थांबते. दोष ॲडाप्टरचा समजावा की गाडीचा?

खाजण

>> त्याचा लाल दिवा लागतो

लाल दिवा लागतो याचा अर्थ सॉकेटच्या सोळाव्या पिनेवर बॅटरीचा धन आणि चौथ्या पिनेवर अर्थ येत आहे, एवढाच. गाडीशी बोलणे दुसऱ्या पिनांवरून होते. अलीकडच्या गाड्या ६ आणि १४ या पिनांवरून कॅन पद्धतीने बोलतात. २००५ च्या सुमारच्या गाड्या बहुधा ७ व्या पिनेवरून, ज्याला के-लाइन म्हणतात तिच्यावरून, संथपणे बोलतात. बाजारात ईएलएम ३२७ च्या नावाने विकल्या जाणाऱ्या नकली ॲडाप्टरांपैकी काहींना कॅन जमते, पण के-लाइन नीट जमत नाही. त्यामुळे तोच ॲडाप्टर शेजाऱ्याच्या नव्या गाडीत चालतो आणि आपल्या गाडीत मुका राहतो. ॲपच्या सेटिंगमध्ये प्रोटोकॉल (बोलण्याची पद्धत) ‘ऑटो’ न ठेवता आयएसओ ९१४१ आणि केडब्ल्यूपी २००० हे आळीपाळीने निवडून पाहा. तरीही जमले नाही तर दुसरी शक्यता अशी की सॉकेटचा आकार सामाईक असला तरी आतली भाषा उत्पादकाची स्वतःची असेल, आणि मग त्या गाडीला तिच्या कंपनीचा पर्याय असलेला गॅरेजचा स्कॅनरच लागेल. सॉकेट आहे म्हणजे ओबीडी-२ आहेच, असे त्या काळातल्या गाडीबद्दल गृहीत धरता येत नाही.

तिरफळ

चिपळूण परिसरात वाहनांच्या वायरिंगचे काम करतो, म्हणून थोडी भर घालतो आणि थोडा विरोधही नोंदवतो.

आधी सावधगिरी. वायरचा तुकडा घेऊन कपलर जोडण्याची युक्ती सांगताना कोणता कपलर, हे ज्या त्या मॉडेलच्या सर्व्हिस मॅन्युअलमध्ये पाहिल्याशिवाय हात घालू नये. पिवळ्या रंगाच्या कपलरला तर अजिबात स्पर्श करू नये, तो एअरबॅगचा असतो. चुकून बॅटरीचा धन ईसीएमच्या टर्मिनलवर गेला, तर वाचायला कोड उरत नाही.

आता भर. खाजण यांनी कपलर तपासायला सांगितले ते बरोबरच आहे, पण मी त्याच्याही आधी अर्थिंग तपासतो. बॅटरीचा ऋण टोक बॉडीला आणि बॉडी इंजिनला जाड पट्ट्यांनी जोडलेली असते. आपल्याकडे त्या पट्टीच्या लगखाली (टोकाच्या कडीखाली), जेथे बोल्ट आवळलेला असतो, तेथे गंज धरतो. वरून पाहिले तर सर्व ठाकठीक दिसते. अशा गाडीत एकाच वेळी चार-पाच असंबद्ध कोड येतात, थ्रॉटलचा, ऑक्सिजन सेन्सरचा, वेगाच्या सेन्सरचा, आणि मालक प्रत्येक भागाची किंमत विचारू लागतो. असंबद्ध कोडांचा घोळका दिसला की मी एकही सेन्सर पाहत नाही.

तपासण्याची रीत सोपी आहे. साधा डिजिटल मल्टिमीटर २० व्होल्ट डीसीवर ठेवावा. काळी दांडी बॅटरीच्या ऋण टोकावर, खुद्द शिशाच्या खुंटीवर, टेकवावी. वरच्या क्लॅम्पवर टेकवू नये. लाल दांडी इंजिन ब्लॉकच्या उघड्या धातूवर धरावी आणि दुसऱ्याला सेल्फ मारायला सांगावे. चांगल्या अर्थिंगमध्ये आकडा ०.२ व्होल्टच्या आसपास किंवा त्याखाली राहतो. तो अर्ध्या व्होल्टच्या पुढे गेला तर पट्टी सोडून लग आणि बॉडीवरची जागा पॉलिश पेपरने धातू चमकेपर्यंत घासावी, घट्ट आवळावी, आणि मग वरून पेट्रोलियम जेली लावावी. जेली आधी लावून मग आवळणारे पुष्कळ भेटतात. ओहमवर ठेवून मोजण्याचा उपयोग नाही, कारण एक तार शिल्लक असली तरी मीटर शून्य दाखवतो. विद्युतप्रवाह वाहत असतानाच दोष उघड होतो.

बॅटरीही त्याच वेळी पाहून घ्यावी. इंजिन बंद असताना साधारण १२.४ ते १२.७ आणि चालू असताना १३.५ ते १४.५ व्होल्ट दिसले पाहिजेत. सेल्फ मारताना दाब ९.६ च्या खाली कोसळत असेल तर आधी बॅटरीचा निकाल लावा, कोडांचे नंतर पाहू.

साकव

एवढा खटाटोप करण्यापेक्षा बॅटरीचे ऋण टोक काढून पंधरा मिनिटांनी परत लावले की दिवा जातो, हा आमच्या राजापूरकडचा रूढ उपाय आहे. दिवा परत आला तर खरा दोष, नाही आला तर ईसीएमचा भ्रम, असा सरळ हिशेब आहे. त्यात चूक काय?

तिरफळ

हिशेब सरळ आहे, पण त्यात पुरावा नष्ट होतो. ओबीडी-२ ची गाडी कोड नोंदवताना त्या क्षणाचे चित्रही साठवते. इंजिनचा वेग किती होता, कूलंट किती तापले होते, गाडी किती वेगाने जात होती, इंजिनवर भार किती होता. याला फ्रीझ फ्रेम म्हणतात. दोष फक्त गरम इंजिनवर घाट चढताना येतो की सकाळी थंड इंजिनवर येतो, हे त्यातून समजते. बॅटरी काढली की कोडाबरोबर हे चित्रही जाते. शिवाय ईसीएमने आयडलिंगचे जे बारकावे शिकून ठेवलेले असतात तेही पुसले जातात, त्यामुळे पुढचे काही दिवस गाडी सिग्नलवर थरथरते आणि मालकाला नवाच दोष आल्यासारखे वाटते. काही गाड्यांत म्युझिक सिस्टीमचा कोड मागितला जातो, तो कागद बहुतेकांकडे नसतो. म्हणून आधी कोड आणि फ्रीझ फ्रेम दोन्ही कागदावर उतरवून घ्यावीत, मोबाइलवर फोटो काढून ठेवला तरी चालेल, आणि दुरुस्तीनंतरच ॲपमधून कोड पुसावा.

दिवा स्थिर असेल तर बेताने गाडी चालवत घरी येता येते. तो सतत लुकलुकत असेल तर मिसिंग (सिलिंडरमध्ये पेट्रोल न पेटणे) एवढे आहे की न जळलेले पेट्रोल कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन जळत आहे. अशा वेळी गाडी बाजूला घ्यावी, गणपतीला पोहोचायची घाई असली तरी.

रातांबा

मी मुंबईत असतो आणि गाडी गुहागरजवळच्या घरी ठेवलेली असते. ती २०१४ ची आहे, त्यामुळे ॲडाप्टर लगेच जोडला गेला. कोड पी ०१७१, म्हणजे मिश्रणात पेट्रोल कमी. एका गॅरेजमध्ये ऑक्सिजन सेन्सर बदलायला सांगितले आहे. कुंभार्ली घाटात पिकअप पडतो असे काही जाणवत नाही, पण सिग्नलवर इंजिन किंचित वरखाली होते. सेन्सर स्वस्त नाही, म्हणून विचारतो.

खाजण

ऑक्सिजन सेन्सर येथे साक्षीदार आहे. धुरात ऑक्सिजन जास्त आहे असे त्याने सांगितले, म्हणून ईसीएमने कोड नोंदवला. तो स्वतः बिघडल्याची तक्रार असती तर पी ०१३० ते पी ०१३५ या पट्ट्यातला कोड येण्याची शक्यता अधिक होती.

ॲपमध्ये लाइव्ह डेटाच्या पानावर शॉर्ट टर्म आणि लाँग टर्म फ्युएल ट्रिम असे दोन आकडे दिसतील. ईसीएम आपल्या ठरावीक हिशेबापेक्षा किती टक्के पेट्रोल जास्त किंवा कमी देत आहे, ते त्यातून कळते. अधिक-उणे दहाच्या आत असेल तर फारसे मनावर घेऊ नये. इंजिन पूर्ण गरम झाल्यावर आधी आयडलिंगवर आणि मग रेस देऊन २५०० आरपीएमवर स्थिर धरून, दोन्ही ठिकाणचे आकडे येथे द्या.

रातांबा

आयडलिंगवर लाँग टर्म अधिक २१ ते २३ च्या दरम्यान आहे. २५०० वर धरल्यावर दोन्ही ट्रिमची बेरीज हळूहळू उतरत अधिक ६ पर्यंत येते.

खाजण

मग सेन्सरवर खर्च करू नका. पेट्रोल पंप अशक्त असता किंवा फिल्टर तुंबला असता तर रेस वाढवल्यावर आकडा वाढला असता, कारण मागणी वाढते आणि पुरवठा कमी पडतो. येथे उलट घडत आहे. थ्रॉटलच्या (इंजिनात हवा सोडणाऱ्या झडपेच्या) पुढे कोठून तरी चोरून हवा शिरत आहे. आयडलिंगला एकूण हवाच थोडी असल्याने ही चोरी मोठी ठरते, आणि थ्रॉटल उघडल्यावर तीच गळती एकूण हवेत नगण्य होते. इनटेक मॅनिफोल्डला (सिलिंडरांना हवा वाटणाऱ्या भागाला) जाणाऱ्या बारीक रबरी नळ्या, ब्रेक बूस्टरची नळी आणि पीसीव्ही व्हॉल्व्हची (इंजिनातली वाफ परत आत ओढणाऱ्या झडपेची) नळी हाताने वाकवून पाहा. महिनोन्‌महिने उभ्या राहिलेल्या गाडीत रबर कडक होऊन तडकते, आणि झाकलेल्या बॉनेटखालची ऊब उंदरांना फार आवडते.

साकव

उंदरांचा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो. आमच्याकडे भाताच्या कापणीनंतर त्यांचा मुक्काम गाडीत असतो. बॉनेट उघडल्यावर इन्सुलेशनचा भुसा किंवा लेंड्या दिसल्या की मी आता कोड वाचायच्या आधी इंजेक्टरच्या वायरी पाहतो. पी ०३०२ सारखा एकाच सिलिंडरच्या मिसिंगचा कोड आला की प्लग आणि कॉइल शेजारच्या सिलिंडरशी अदलाबदल करून पाहावी, असे येथेच कोणीतरी पूर्वी सुचवले होते. कोड जर ०३०३ झाला तर दोष त्या भागाबरोबर सरकला, आणि ०३०२ वरच राहिला तर वायर, इंजेक्टर किंवा कॉम्प्रेशन पाहावे. बॅटरी काढण्याच्या उपायाबद्दल तिरफळ यांचे म्हणणे पटले, तरी स्कॅनर नसलेल्याला दुसरे काय सांगणार, हा प्रश्न राहतोच.

अबोली

प्रोटोकॉल केडब्ल्यूपीवर ठेवल्यावर ॲप जोडले गेले, आभार. कोड पी ०११८ आहे आणि लाइव्ह डेटामध्ये कूलंटचे तापमान उणे ४० अंश दिसते. रेडिएटरचा पंखा चावी ऑन केल्यापासून फिरत राहतो. कपलर उघडून पाहिला, पिना मळकट आहेत पण हिरव्या नाहीत. पुढे काय करावे?

तिरफळ

मालवणात उणे ४० म्हणजे ईसीएमला सर्किट पूर्ण तुटलेले दिसत आहे. तो मोजपट्टीचा तळ आहे. पंखा फिरतो तो सुरक्षेसाठी, तापमान कळत नसल्याने ईसीएमने तो चालू ठेवला आहे.

या सेन्सरला दोनच वायरी असतील तर पुढची चाचणी करा. तीन वायरींच्या सेन्सरवर ती करायची नाही. चावी बंद करून कपलर सोडवा. वायरिंगच्या बाजूच्या कपलरमधल्या दोन टर्मिनलना बारीक वायरीने एकमेकांशी जोडा, चावी ऑन करा आणि ॲपमधला आकडा पाहा. तो उणे ४० वरून उडी मारून १२० च्या पुढे गेला तर वायरी आणि ईसीएम शाबूत आहेत, सेन्सर मेला आहे. तो हललाच नाही तर सेन्सर निर्दोष असू शकतो आणि शोध वायरीत घ्यायचा. पंखा कधीही सुरू किंवा बंद होईल, बोटे आणि ओढणी दूर ठेवा.

अबोली

आकडा उडी मारून १३० च्या वर गेला. म्हणजे सेन्सर बदलायचा असेच ना? खाजण यांचा कपलरचा सिद्धान्त येथे लागू पडला नाही असे दिसते.

खाजण

लागू पडला नाही हे खरे, आणि आता सेन्सर निःशंकपणे घ्यावा. घेण्याआधी जुन्याची खात्री मल्टिमीटरनेही होईल: बऱ्याच जपानी धाटणीच्या गाड्यांत हा सेन्सर २० अंशांना दोन ते तीन हजार ओहम आणि ८० अंशांना तीनशेच्या आसपास दाखवतो; तुमचा अनंत दाखवील. इंजिन पूर्ण थंड असतानाच तो काढा, थोडे कूलंट सांडेल तेवढे पुन्हा भरा. मळकट पिना कॉन्टॅक्ट क्लीनरने धुऊन, वाळवून मगच नवा सेन्सर जोडा, नाहीतर पुढच्या पावसाळ्यात हाच कोड दुसऱ्या कारणाने येईल.

रातांबा

पीसीव्ही व्हॉल्व्हच्या नळीला खालच्या बाजूने, जेथे नजर जात नाही तेथे, लांब चीर आहे. तूर्त चिकटपट्टी गुंडाळली, तर आयडलिंगचा ट्रिम अधिक ९ वर आला. नवी नळी मागवली आहे. एक शेवटची शंका: पुढच्या खेपेपर्यंत ॲडाप्टर सॉकेटमध्येच लावून ठेवला तर चालेल का? गाडी महिना-दोन महिने उभी असते.

तिरफळ

ठेवू नका. सोळाव्या पिनेला चावी बंद असतानाही बॅटरीचा पुरवठा असतो, त्यामुळे ॲडाप्टर रात्रंदिवस थोडी थोडी वीज खात राहतो आणि परत याल तेव्हा बॅटरी उतरलेली असेल. काढून घरात कोरड्या डब्यात ठेवा. सॉकेटचे तोंड खाली असल्याने त्यात पाणी सहसा शिरत नाही, पण पुराच्या पाण्यात उभी राहिलेली गाडी असेल तर ॲडाप्टर लावण्याआधी सॉकेटच्या पिना आणि कार्पेटखालचे कपलर दोन्ही उघडून पाहावेत. २०२१ च्या पुरानंतर चिपळुणात अशा गाड्यांच्या कार्पेटखाली गाळ वाळून बसलेला मी पाहिला आहे, आणि त्यांत कोड वाचण्याचा प्रयत्न चिखल काढल्यानंतरच करण्याजोगा होता.